रंगवलेला कोट

मी लोकांनी टाकून दिलेले फोटो गोळा करते. हे ऐकलं की समोरचा आधी माझ्याकडे पाहतो, मग माझ्या पिशवीकडे. पुण्यामुंबईकडचा असला तर "वा, फारच वेगळं काम" म्हणतो आणि घड्याळ पाहतो. आमच्या इकडचा असला तर तोंडावर विचारतो, "काऊन? तुह्या घरचे फोटो नाईत का?" मला हा दुसरा बरा वाटतो.

कारण खरंच नाहीत. माझ्या जन्माआधीचा आमच्या घरात एकच फोटो होता, बाबांचा. मी शाळेत असतानाच ते गेले. त्यांचं लहानपण, त्यांचे मायबाप, त्यांचं लग्न, यातलं काहीच कागदावर नाही. चंद्रपूरकडच्या मूल गावच्या राईस मिलमध्ये पोती वाहणाऱ्या माणसाचे फोटो काढायला कोण बसलं होतं? ज्यांच्या घरी कपाटभर अल्बम असतात, त्यांनी मला आठवणींवर भाषण देऊ नये. ते पानं उलटतात, मला खणावं लागतं. म्हणून मी खणते, आणि कोणाला विचारून खणत नाही.

एकदा मोठ्या शहरातल्या एका गॅलरीनं माझं काम लावलं. जुन्या फोटोंतल्या आमच्या भागातल्या बायका मी कापडावर मोठ्या छापल्या होत्या, कडांना धाग्यानं शिवल्या होत्या. गॅलरीवाल्यांनी खाली पाटी लावली, 'अनोळखी चेहरे'. मी ती पाटी काढली आणि पिशवीत टाकली. तिथल्या बाई म्हणाल्या, अहो पण आहेतच ना ते अनोळखी? मी म्हटलं, तुम्हाला. त्यानंतर त्यांनी मला बोलावलं नाही आणि माझंही काही अडलं नाही. चंद्रपूरच्या एका शाळेत मी चित्रकला शिकवते, त्यावर माझं चालतं.

बल्लारपूरला स्टेशनच्या मागे एक कबाडीवाले भाऊ आहेत. रद्दी बांधताना फोटो निघाले की ते बाजूला काढतात, कारण चिकना कागद रद्दीत गेला तर पुढून माल परत येतो. हे बाजूला पडलेले फोटो ते माझ्यासाठी खोक्यात जमवून ठेवतात. पहिल्या दिवशी मी वजनाचं विचारलं तर रागावले. "आदमी का चेहरा तोलके नहीं बेचता मैं," म्हणाले, आणि वर चहा पाजला. तेव्हापासून मी त्यांची फोटोवाली मॅडम.

मागच्या वर्षी त्यांचा फोन आला. मूलचा एक जुना फोटो स्टुडिओ मोडला होता. म्हातारा फोटोग्राफर कधीचाच वारला होता, आता मुलानं त्या जागी मोबाइलचं दुकान टाकलं आणि स्टुडिओतला कचरा विकून टाकला. त्या कचऱ्यात न नेलेले फोटो होते. लोक हौसेनं फोटो काढायचे, मग परत यायला जमायचं नाही, आणि फोटो तिथेच पडून राहायचे. पोतंभर होते. शाळा सुटल्याबरोबर मी गाडी काढली.

घरी येऊन पोतं फरशीवर ओतलं तर नुसते पुरुषच पुरुष. काळेपांढरे फोटो, खुर्चीवर बसलेले, हात मांडीवर, मागे कमानीचा आणि तळ्याचा पडदा. आणि सगळ्यांच्या अंगावर कोट. आता हा कोट म्हणजे काय, हे आमच्याकडच्या कोणत्याही म्हाताऱ्याला विचारा. स्टुडिओत खिळ्याला एक कोट टांगलेला असायचा. घरून धोतर-सदऱ्यावर यायचं, कोट चढवायचा, फोटो काढायचा, कोट परत खिळ्याला. जाडा येवो की बारीक, मागून पिना लावून तोच कोट. मास्तर त्याच कोटात, किराणावाला त्याच कोटात, नवरदेवही त्याच कोटात. कॉलरवर विडीनं जळाल्यासारखं एक भोक होतं, त्यावरून तो कुठेही ओळखू यायचा. मला आधी हसू आलं आणि मग फार आवडलं. माझं गडचिरोलीत एक प्रदर्शन ठरत होतं, त्यासाठी विषय सापडला असं मी धरून चालले. एक कोट आणि इतकी सगळी माणसं.

फोटो मोठे करण्यासाठी स्कॅन करायला बसले तेव्हा खटकलं. काही फोटोंत कोटाला ते भोकच नव्हतं. वाटलं, दुसरा कोट असेल. मग भिंग घेतलं. त्या कोटाला एक सुरकुती नाही! माणूस खुर्चीवर बसला की कापड पोटाशी गोळा होतं, कोपरात दुमडतं. हा कोट मात्र पाटीवर काढल्यासारखा सपाट, दोन्ही बाजूंच्या कॉलर अगदी मापून सारख्या. फोटो खिडकीशी तिरका धरला आणि ब्रशचे फटकारे चमकले. कोट नव्हताच तिथे. फोटो काढून झाल्यावर कोणीतरी तो वरून काळ्या रंगानं रंगवला होता.

कोट खिळ्याला टांगलेला असताना काहींच्याच अंगावर तो रंगवायचा उपद्व्याप कशासाठी? रंगवलेल्या कोटातले दोन चेहरे मला ओळखीचे वाटत होते. मी ते सगळे फोटो वेगळे काढले आणि मूलला आमच्या वस्तीत गेले. विहाराच्या ओसरीत दुपारी म्हातारे बसलेले असतात. त्यांच्यापुढे सतरंजीवर फोटो मांडले. बघता बघता ओळखी निघायला लागल्या. हा माहा मामा व्हय, हा तं माह्या सासऱ्याचा भाऊ, हा विहिरीच्या भांडणात पुढं होता तो. काही फोटो पलीकडच्या गोंडांच्या टोल्यावरचे, म्हणजे पाड्यावरचे निघाले. पण शेवटी सतरंजीवर अनोळखी असं कोणी राहिलं नाही. मग मी खऱ्या कोटातले फोटो पुढे केले. त्यांत आमचा एकही नव्हता.

पुढे कोणाला समजावून सांगायची गरज नव्हती. आमच्या अंगाला लागलेला कोट मग दुसरे कसे घालणार! म्हणून आमच्या लोकांना आहे तसं बसवायचं आणि नंतर ब्रश उचलायचा. म्हाताऱ्यांपैकी एक जण नुसता हसला. त्यांना माहीत होतं. मलाच माहीत नव्हतं, आणि मी कोटाच्या गमतीवर प्रदर्शन करायला निघाले होते.

मी तशीच उठून त्या मोबाइलच्या दुकानात गेले. मी वस्तीतली, एवढं सांगून फोटो पुढे ठेवले. फोटोग्राफरचा मुलगा चांगला बोलला, खुर्ची दिली. बाबांचा हात फार साफ होता म्हणाला, कोट असा काढत की घरच्यांनाही कळू नये. मी विचारलं, सगळ्यांनाच का नाही काढला मग? तो कोणाच्या तरी मोबाइलवर काच चिकटवत होता, मान वर न करता म्हणाला की तो जमाना वेगळा होता.

"उलट बाबांनी तुमच्या लोकांले फुकटात कोट घालून देला," तो म्हणाला.

"घालून नाई देला," मी म्हटलं, "घालू नाई देला."

दुकानातली गिऱ्हाइकं माझ्याकडे पाहायला लागली. पाहू दे. मी बाहेर आले, गाडीला किल्ली लावली, आणि तेव्हा डोक्यात आलं की बाबांचा फोटोही मूलचाच आहे. आणि त्यातही बाबांच्या अंगावर काळा कोट आहे.

तो फोटो दादाच्या घरी, गडचिरोलीला. दादा माझा मोठा भाऊ, तिथे सरकारी कचेरीत आहे, निवृत्तीला आलाय. माय त्याच्याकडेच असते. हॉलमध्ये टीव्हीच्या वर सोनेरी फ्रेममध्ये बाबा, ताठ बसलेले. आलेल्या प्रत्येक पाहुण्याला दादा तो फोटो दाखवायचा. त्या काळात आमच्या बाबांजवळ स्वतःचा कोट होता, पुढं दुष्काळात विकावा लागला, हे तो इतक्यांदा बोलला होता की कोट विकताना आपण तिथे होतो असं त्याला वाटत असावं. पोरीच्या सोयरिकीतही त्यानं ते सांगितलं. त्याला काय म्हणू, मीही कॉलेजात मैत्रिणींना तेच सांगत होते.

रविवारी सकाळच्या एसटीनं गडचिरोलीला निघाले. वैनगंगेचा पूल येईपर्यंत माझं दादाशी मनातल्या मनात एक भांडण पूर्ण झालं होतं. खरं भांडण त्याहून वाईट झालं. मी फोटो खाली काढायला सांगितला, त्यानं कारण विचारलं, मी पिशवीतले फोटो टेबलावर टाकले आणि सगळं सांगितलं. तो ऐकत होता तोवर ऐकत होता. फ्रेम उघडून मी बाबांचा फोटो खिडकीशी तिरका धरला आणि त्याला ब्रशचे फटकारे दाखवले, तेव्हा त्यानं तोंड फिरवलं.

मला काय हवंय ते मी स्पष्ट सांगितलं. बाबांचा फोटो प्रदर्शनात लावायचा, बाकीच्या रंगवलेल्या कोटांसोबत, खाली सगळी हकीकत लिहून. दादा म्हणाला, माझ्या ऑफिसचे लोक येतील, व्याही येतील, त्यांच्यासमोर मी आजवर खोटं बोललो असं ठरेल. ते जाऊ दे म्हणाला, पण बाबांचं काय? त्यांची शोभा होईल. माझ्या प्रदर्शनापायी मी बापाला उघडं पाडायला निघाले, असंही बोलला. मी म्हटलं, उघडं कोण पाडतंय, झाकलंय तर त्या फोटोवाल्यानं बाबांना! तेव्हा त्याचा आवाज चढला आणि माझा त्याच्याहून चढला. शेजाऱ्यांना ऐकू जाऊ नये म्हणून वहिनीनं दार लावून घेतलं.

माय दाराशी सुपात लाखोळीची डाळ निवडत बसली होती. ऐंशीच्या पुढची आहे, कानानं थोडी कमी ऐकते, पण ते ऐकू आलं तिला. तिनं सूप बाजूला सारलं आणि फोटो मागितला. मांडीवर घेऊन बराच वेळ पाहिला. मग आम्हा दोघांनाही ठाऊक नसलेली गोष्ट तिनं सांगितली.

लग्नाला वर्ष होत होतं तेव्हाचा हा फोटो. बाबांनी त्या दिवशी पेटीतला पांढरा सदरा काढला. चांद्याला, म्हणजे आताच्या चंद्रपूरला, बौद्ध धम्माची दीक्षा घ्यायला गेले होते तेव्हा तो शिवला होता, आणि एरवी ते त्याला हात लावू देत नसत. माय सोबत गेली होती, पण तिला बाहेर पायरीवर बसवलं होतं, तिथून तिला आतलं सगळं ऐकू येत होतं. फोटोवाला म्हणाला, कोट तर तुला देता येणार नाही, मी नंतर वरून काढून देतो. बाबांनी नको म्हणून सांगितलं. खिळ्यावरचा नको आणि ब्रशचाही नको. हा सदरा घालून आलोय, सदराच दिसला पाहिजे. फोटोवाला बरं म्हणाला. आठवड्यानं बाबा फोटो आणायला गेले तर अंगावर कोट. फोटोवाल्याला वाटलं असेल भलं करतोय, की तो पांढरा सदरा त्याच्या डोळ्यात खुपला, मायला सांगता येईना. पण खुपलाच असणार, असं तिला वाटतं. बाबा फोटो घेऊन घरी आले, हा मी नव्हे म्हणाले, आणि पेटीच्या तळाशी टाकून दिला. जिवंत होते तोवर त्यांनी तो भिंतीला लावू दिला नाही.

ते गेल्यावर पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमात पुढे ठेवायला फोटो हवा होता. दादानं पेटी उपसली, त्याला हा सापडला, त्यानं हौसेनं फ्रेम करून आणला. माय काही बोलली नाही.

"मग तवाच काऊन नाई सांगतलं?" दादानं विचारलं. त्याचा आवाज आता अगदी बसला होता.

"बाप तं गेलाच होता तुमचा," माय म्हणाली. "तुमी त्या कोटाकडं पाहून खुश होत होते. लेकरांचा तेवढाबी काऊन हिसकू?"

दादा खाली बसला. मला रडू येत होतं आणि रागही येत होता, आणि दोन्हींचं कारण एकच माणूस नव्हता. आम्ही चाळीस वर्षं ज्या गोष्टीची फुशारकी मारली, तीच नेमकी बाबांनी नाकारली होती. सबंध वस्ती मुकाट बसली तिथे एक माणूस नाही म्हणाला होता, आणि आम्ही त्याच्याच पोरांनी त्याचं नाही म्हणणं सोनेरी फ्रेमीत दाबून ठेवलं होतं.

मायनं विचारलं, हा रंग धुतला तर जाते का?

जातो, मी म्हटलं. पाण्याचा रंग असावा, ओल्या कापसानं निघेल. पण मी हेही सांगितलं की कागद साठ वर्षांचा आहे, रंगासोबत फोटोचा वरचा पापुद्रा उठू शकतो. कोट निघेल आणि खाली काहीच उरणार नाही, असंही होईल. चेहऱ्यापर्यंत पाणी गेलं तर चेहराही जाईल. स्कॅन करून ठेवेन, पण त्यात कोटातलेच बाबा असतील. सदऱ्यातले बाबा फक्त या एका कागदावर आहेत, असले तर. एकदा बिघडलं की संपलं. दादा म्हणाला, नको, राहू दे, जसा आहे तसा तरी बाप दिसतो. आणि खरं सांगते, त्या क्षणी मलाही वाटलं की राहू द्यावं.

मायनं फोटो माझ्या हातात दिला.

"साठ वर्षं पराया कोटात बसून राह्यला तो," ती म्हणाली. "बिघडला तं आपल्या सदऱ्यात बिघडन. धू."

आधी मी मोबाइलवर फोटोचा स्कॅन घेतला, मग जेवणाच्या टेबलावर पांढरं फडकं अंथरलं, वाटीत पाणी घेतलं, काडीला कापूस गुंडाळला. खालच्या कोपऱ्यातून सुरुवात केली, चेहऱ्यापासून जितकं लांब जाता येईल तितकं. घासायचं नाही, नुसतं टेकवायचं आणि उचलायचं. कापूस काळा झाला. दुसरा घेतला, तोही काळा झाला. वाटीतलं पाणी काजळासारखं झालं. कोटाचं खालचं टोक विरळ झालं आणि त्यातून राखाडी, मग फिकट, मग पांढरं कापड दिसायला लागलं. सदऱ्याला पोटाशी सुरकुत्या पडल्या होत्या. बसलेल्या माणसाच्या कपड्याला पडतात तशाच.

कोपरापाशी पापुद्रा उठला. नखाएवढा तुकडा कापसाला चिकटून आला आणि तिथे कागद उघडा पडला. माझा हात थांबला. मायला दिसलं होतं, ती म्हणाली, चाल, थांबू नको. इतक्यात कोणीतरी माझ्या कोपराशी येऊन ती काळ्या पाण्याची वाटी उचलली. दादा होता. मोरीत पाणी ओतून, वाटी विसळून, त्यानं स्वच्छ पाणी आणून ठेवलं. मग तो तिथेच उभा राहिला आणि पाणी काळं झालं की बदलत राहिला.

दुपार त्यातच गेली. शेवटी कॉलर राहिली, हनुवटीच्या अगदी खाली. तिथे मी अगदी बारीक काडी घेतली. रंग निघाला, चेहरा जागच्या जागी राहिला. गळ्याशी बटण लावलेला पांढराशुभ्र सदरा घालून माझे बाबा आमच्याकडे पाहत होते, वयानं माझ्या अर्धे. तीच ताठ मान, पण आता ती कोटाची ऐट वाटत नव्हती. हा माणूस नुकताच समोरच्याला काहीतरी ठणकावून सांगून बसला होता. मायनं बोट पुढे केलं, पण फोटोला लावलं नाही. "हा व्हय," एवढंच म्हणाली.

रंगवलेल्या कोटातले बाकीचे फोटो मी धुतले नाहीत. ते ज्यांचे आहेत त्यांच्या घरी विचारल्याशिवाय त्यांना हात लावायचा नाही, हे मी त्या दिवशी ठरवलं. वस्तीतल्या काही घरांनी धुऊन मागितले, काहींनी नको म्हटलं. ज्यांनी नको म्हटलं त्यांचे कोट मी आहेत तसेच छापले, माणसाच्या उंचीएवढे, ब्रशच्या फटकाऱ्यांसकट. आयोजकांना खालचा मजकूर जरा सौम्य हवा होता, जुन्या जखमा कशाला उकरायच्या असं त्यांचं म्हणणं. मी सांगितलं, मजकूर काढाल तर भिंती रिकाम्या राहतील. मजकूर राहिला.

बाबांना दारातच लावलं, मोठ्या पांढऱ्या मांजरपाटावर, कोपराजवळच्या उघड्या पडलेल्या कागदासकट. दादा येईल की नाही, मला खात्री नव्हती. तो आला, इस्त्रीचे कपडे घालून, मायला हाताला धरून, आणि येऊन बाबांच्या शेजारी उभा राहिला. थोड्या वेळानं त्याच्या ऑफिसचे एक साहेब आले. ते दादाच्या घरी जेवून गेलेले, भिंतीवरचा फोटो पाहून गेलेले. त्यांनी बाबांकडे पाहिलं, दादाकडे पाहिलं, परत बाबांकडे पाहिलं आणि विचारलं की तुमच्या वडिलांच्या अंगावर तर कोट होता ना, तो कुठे गेला?

मी पलीकडे उभी होते. दादासाठी उत्तर द्यायला पुढे होणार होते, पण त्याची गरज पडली नाही.

"तो कोट आमचा नोहोता साहेब," दादा म्हणाला. "ज्याचा होता त्याले वापस केला."